खाडी ओलांडणारा रस्ता

वसई किल्ल्याजवळच्या जेट्टीपासून भाईंदर पश्चिमेची जेट्टी पाण्यावरून साधारण साडेतीन किलोमीटरवर आहे. मोटार घेऊन रस्त्याने जायचं झालं तर याच दोन ठिकाणांमध्ये अडतीस-एकोणचाळीस किलोमीटर पडतात. आधी पूर्वेला जाऊन महामार्ग गाठायचा, वर्सोवा पुलावरून खाडी पार करायची, काशिमिऱ्याला वळायचं आणि आलो तेवढंच पुन्हा पश्चिमेला जायचं. रेल्वेने जाणाऱ्याला हा वळसा नाही, कारण रेल्वेने ही खाडी १८६४ मध्येच ओलांडली. त्या वर्षी नोव्हेंबरात ग्रँट रोड ते सुरत हा बी.बी.सी.आय. या रेल्वे कंपनीचा मार्ग सुरू झाला आणि १२ एप्रिल १८६७ पासून विरारहून मुंबईला रोजची गाडी धावू लागली. माणसांसाठी पूल झाला, वाहनांसाठी मात्र खाडीच्या मुखाजवळ दीडशे वर्षांहून अधिक काळ काहीच झालं नाही.

२० फेब्रुवारी २०२४ रोजी ते झालं. वसई आणि भाईंदर यांच्यामध्ये वाहनं वाहून नेणारी बोट सुरू झाली. लोक तिला रो-रो म्हणतात. केंद्राच्या सागरमाला योजनेतून जेट्ट्या बांधल्या गेल्या, देखरेख महाराष्ट्र सागरी मंडळाची आणि बोट दापोलीच्या सुवर्णदुर्ग शिपिंग अँड मरीन सर्व्हिसेसची. पहिल्या बोटीचं नाव ‘जान्हवी’. ती ३३ वाहनं आणि १०० प्रवासी नेते असं सुरुवातीलाच जाहीर झालं होतं. पाण्यावरचा प्रवास पंधरा मिनिटांचा. तेव्हाचं भाडं माणशी ३० रुपये, चालकासह दुचाकीला ६० आणि मोटारीला १८०. वसई पालघर जिल्ह्यात, भाईंदर ठाणे जिल्ह्यात, त्यामुळे ही बोट दर फेरीला जिल्ह्याची हद्दही ओलांडते.

मोटार पाण्यावरून नेणं यात विशेष काय, असं कुणालाही वाटेल. तरंगण्याचा प्रश्न आर्किमिडीजने केव्हाच सोडवून ठेवला आहे. समजा, चाळीस मीटर लांब आणि बारा मीटर रुंद अशी सपाट तळाची बोट आहे. तिच्यावर सव्वा टनाच्या ३३ मोटारी चढवल्या, तर वजन झालं सुमारे चाळीस टन. तेवढं पाणी बाजूला सारायला ती बोट किती बुडेल? साडेआठ सेंटीमीटर, म्हणजे चार बोटांपेक्षा थोडं जास्त. ३३ मोटारींनी बोट एवढीशीच खाली जाते हे गणित करून पाहिल्याशिवाय खरं वाटत नाही. म्हणून वजनाची काळजी करायची ती एकूण वजनाची कमी आणि ते कुठे ठेवलं याची जास्त. सगळी जड वाहनं एका कडेला लावली तर बोट कलते. मोटारी कुठे उभ्या करायच्या हे खलाशी हातवारे करून सांगतात ते याचसाठी. त्यांचं ऐकावं.

खरी अडचण काठावर असते. बोट काठाला टेकते तेव्हा जमीन स्थिर असते आणि बोट हलत असते. पाण्याची पातळी दर तासाला बदलते. प्रवाह बोटीला आडवा ढकलतो. पहिली जड गाडी चढताच बोटीचं एक टोक खाली जातं. एवढ्या सगळ्या हालचालींत जमिनीवरून बोटीवर चाकं अलगद गेली पाहिजेत. माणूस उडी मारून उतरू शकतो, गुडघाभर पाण्यातून चालत जाऊ शकतो. चाकाला दोन्ही जमत नाही. दोनशे वर्षांत या विषयात जे काही शोध लागले, ते जवळपास सगळे या एका क्षणासाठी आहेत.

आपल्याकडे पुलांच्या आधी हा क्षण माणसांच्या अंगबळावर निभावला जाई. नदीला उतार असेल तिथे बैलगाडी पाण्यातूनच काढत. पाणी वाढलं की माल उतरवून होडीत भरायचा, बैल पोहत न्यायचे, गाडीची चाकं सोडवून वेगळी न्यायची. कृष्णाकाठी तर पुराच्या दिवसांत गूळ करण्याची काहील पाण्यात सोडून तिच्यात बसून माणसं पैलतीर गाठत. मुंबई इलाख्यात १८६८ च्या कायद्याने सार्वजनिक नावा सरकारी नियमनाखाली आल्या. पुढे मोटारी आल्या तेव्हा मोठ्या रस्त्यांवर पूल आधी बांधले गेले आणि लहान खाड्या तशाच राहिल्या. कोकणात तर विसाव्या शतकाचा बराच काळ असाच गेला.

इंग्लंडमध्ये या काठाच्या प्रश्नाला एक वेगळंच उत्तर सापडलं. जेम्स मेडोज रेंडेल हा डेव्हनमधला तरुण इंजिनिअर. १८३१ मध्ये त्याने डार्टमाउथ इथे आणि १८३४ मध्ये प्लिमथजवळच्या टॉरपॉइंट इथे साखळीवर चालणारी नाव बसवली. तिला तिथले लोक ‘तरंगता पूल’ म्हणू लागले आणि ते नाव चपखल होतं. नदीच्या तळावर या काठापासून त्या काठापर्यंत दोन लोखंडी साखळ्या समांतर टाकलेल्या असतात. दोन्ही टोकं काठावर पक्की बांधलेली. नावेतल्या इंजिनाला पंखा जोडलेला नसतो. त्याऐवजी कडेला मोठी दातेरी चाकं असतात आणि त्यांच्या खाचांत साखळीच्या कड्या नेमक्या बसतात. चाक फिरलं की पुढच्या बाजूने साखळी पाण्यातून वर येते, चाकावरून जाते आणि मागच्या बाजूने पुन्हा तळाशी पडते. साखळी जागची हलत नाही, नाव तिच्यावरून सरकत जाते. विहिरीतला माणूस दोर धरून हाताहाताने वर येतो, तशी ही आडवी चढण.

यातून बऱ्याच गोष्टी एकदम सुटतात. सुकाणू लागत नाही, कारण नाव साखळी सोडून जाऊच शकत नाही. प्रवाह आडवा असला तरी दोन साखळ्या तिला सरळ धरून ठेवतात. पंखा पाणी मागे फेकतो तेव्हा बरीचशी शक्ती पाण्यातच वाया जाते. साखळीला धरून ओढताना ती वाया जात नाही, म्हणून कमी ताकदीचं इंजिन पुरतं. आणि सर्वांत महत्त्वाचं, नाव दर वेळी काठावरच्या त्याच जागी, त्याच कोनात टेकते. धुकं असो की वारा, चालकाला जागा शोधावी लागत नाही.

साखळी फार ताणलेली ठेवून चालत नाही. ती ढिली असली तरच तळाशी बसते आणि नाव पुढे गेली की वरून दुसऱ्या बोटी निर्धास्त जाऊ शकतात. पण भरती आली की पाणी वर चढतं, नावही वर चढते आणि तेवढी जास्त साखळी लागते. ओहोटीला तीच साखळी फाजील होते. यासाठी काठावर खोल खड्डे करून साखळीच्या टोकाला जड वजनं टांगतात. पाणी चढलं की वजनं वर ओढली जातात, उतरलं की खाली जातात, साखळीचा ताण कायम राहतो. वीज नाही, यंत्र नाही, फक्त गुरुत्वाकर्षण. दोनशे वर्षांपूर्वीच्या इंजिनिअरांनी भरतीशी झगडण्याऐवजी तिच्याकडूनच काम करून घेतलं, याचं मला फार कौतुक वाटतं.

झीज हा या रचनेचा मोठा शत्रू. कड्या एकमेकींवर घासून पातळ होतात. प्रत्येक कडी केसभर लांबली तरी सगळ्या मिळून साखळी लांब होते आणि कड्या चाकाच्या खाचांत बसेनाशा होतात. म्हणून अधूनमधून काही कड्या काढाव्या लागतात आणि काही वर्षांनी सगळी साखळी बदलावी लागते.

ही पद्धत जुनी झाली म्हणून टाकून दिली गेली, असं झालेलं नाही. टॉरपॉइंटला आज तीन नावा चालतात, प्रत्येकीत ७३ मोटारी मावतात. इंग्लंडच्याच दक्षिण किनाऱ्यावर सँडबँक्स इथे १९२६ पासून अशी नाव आहे. तिच्यामुळे सुमारे ४० किलोमीटरचा वळसा वाचतो, जवळजवळ वसई-भाईंदर इतकाच. २०१९ च्या उन्हाळ्यात या नावेच्या यंत्रातला एक दांडा मोडला आणि काही महिने सेवा बंद पडली. तेवढे महिने दोन्ही काठांच्या लोकांना तो वळसा रोज घालावा लागला. एका दांड्यावर एवढं अवलंबून असणं हे अशा सेवेचं दुबळेपण आहे. एकच बोट असलेल्या कुठल्याही मार्गाने ते लक्षात ठेवावं.

मग वसईच्या खाडीत साखळी का नको? हा प्रश्न मनात येणं स्वाभाविक आहे आणि उत्तर पाहिलं की ही खाडी अधिक नीट कळते. साखळीच्या नावा बहुतेक ठिकाणी अर्धा-पाऊण किलोमीटरपर्यंतच्या पाण्यावर चालतात. वसई-भाईंदरचं अंतर त्याच्या कित्येक पट आहे, शिवाय बोट खाडी काटकोनात ओलांडत नाही, तिरकी जाते. उल्हास नदीचा फाटा इथे समुद्राला मिळतो. वरून येणारा गाळ आणि भरतीबरोबर आत येणारी वाळू यांनी तळ सतत बदलतो. तळाशी पडलेली साखळी काही दिवसांत चिखलात रुतून बसेल. आणि या पाण्यात एकट्या रो-रोचा वावर नाही. पाचूबंदर, किल्लाबंदर, भाईंदर इथल्या कोळ्यांच्या बोटी इथूनच समुद्रात जातात. त्यांच्या जाळ्यांच्या वाटेत तळाशी लोखंड टाकणं म्हणजे त्यांच्या पोटावर पाय देणं.   

म्हणून इथे मोकळी, पंख्यावर चालणारी बोट आहे आणि काठाचा प्रश्न तिने दुसऱ्या तऱ्हेने सोडवला आहे. बोटीचा तळ सपाट, त्यामुळे ती थोड्या पाण्यातही तरंगते. टोकाला बिजागरीवर बसवलेली लोखंडी फळी असते, तिला सगळे रॅम्प म्हणतात. काठावर पाण्यात उतरत जाणारा सिमेंटचा उतार असतो. बोट या उताराला नाक लावते, रॅम्प खाली पडतो आणि इंजिन बंद न करता बोट हलक्या जोराने काठाकडे रेटत राहते, म्हणजे प्रवाहाने ती सरकू नये. साखळीच्या नावेत जे काम लोखंड करतं ते इथे चालकाच्या हाताला करावं लागतं. दर फेरीला. ओहोटीचा प्रवाह जोरात समुद्राकडे ओढत असताना, वारा उलटा असताना, बोट उताराच्या मध्यावर सरळ टेकवणं हे कसब आहे. आपण मोटारीत काचा वर करून बसलेले असतो, ते आपल्याला दिसतही नाही.

आता त्या सिमेंटच्या उताराकडे बघू. मुंबईच्या किनाऱ्यावर उधाणाच्या दिवशी भरती आणि ओहोटी यांत चार मीटरहून अधिक फरक पडतो. उतार आठाला एक असेल, म्हणजे आठ मीटर पुढे गेल्यावर एक मीटर खाली जात असेल, तर चार मीटर पाणी उतरलं की पाण्याची कड बत्तीस मीटर मागे हटते. दुपारी बोट जिथे टेकली, तिथून बत्तीस मीटर पुढे ती संध्याकाळी टेकणार. उतार तेवढा लांब हवा, त्याच्यावर शेवाळ नको, आणि त्याच्या टोकाशी बोट तरंगेल इतकं पाणी ओहोटीतही हवं. यातलं एक जरी कमी पडलं तरी फेरी चुकते. म्हणून जेट्टीजवळचा गाळ काढणं हे अशा सेवेत बोटीच्या इंजिनाइतकंच महत्त्वाचं काम आहे. बोटीचा फोटो काढला जातो, गाळाचा कुणी काढत नाही. पण सेवा टिकते ती गाळ काढल्यामुळे.

भरतीची वेळ आपल्या किनाऱ्यावरची माणसं तिथीवरून सांगत आली आहेत. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ येते. चतुर्थीला चाराचे पाऊणपट तीन, म्हणजे पूर्ण भरती तीनच्या सुमारास, दुपारी आणि पहाटेही. अष्टमीला सहा. एकादशीला सव्वाआठ. पौर्णिमा-अमावास्येला सव्वाअकरा ते बारा. ओहोटी त्यापासून सहा तासांवर. हा हिशोब मिनिटाला बरोबर नसतो, पण त्यामागचं खगोलशास्त्र पक्कं आहे. चंद्र रोज सुमारे पन्नास मिनिटं उशिरा उगवतो, भरतीही रोज तेवढीच पुढे सरकते आणि पंधरा दिवसांत घड्याळाचा फेरा पुरा होतो.

या साध्या गणितातून रो-रोबद्दल एक फार महत्त्वाची गोष्ट निघते, आणि ती जेट्टीवर मोठ्या अक्षरांत लिहिण्याजोगी आहे. पौर्णिमा-अमावास्येला उधाण असतं, म्हणजे भरती सर्वांत मोठी आणि ओहोटीही सर्वांत खोल. त्या दिवशी भरती दुपारी बाराच्या आसपास येते, म्हणून ओहोटी पहाटे-सकाळी सहाच्या आणि संध्याकाळी सहाच्या सुमारास पडते. महिन्यातली सर्वांत खोल ओहोटी नेमकी लोक कामावर निघतात त्या वेळेच्या आणि परततात त्या वेळेच्या जवळ. उलट अष्टमीला भरती सकाळी-संध्याकाळी सहाला असते आणि दुपारी ओहोटी असली तरी भांगामुळे, म्हणजे भरती-ओहोटीतला फरक कमी असल्यामुळे, ती फारशी खोल नसते. म्हणजे महिन्यात दोनदा, पौर्णिमा-अमावास्येच्या आगेमागे काही दिवस, नोकरदाराला या बोटीवर भरवसा ठेवताना विचार करावा लागतो, आणि दोनदा ती त्याच्या सोयीची असते. हा दोष कुणाचाच नाही. चंद्र आणि कचेरीची वेळ यांचा मेळ मुंबईच्या किनाऱ्यावर असाच बसतो. मात्र वेळापत्रक छापताना हे ध्यानात घेणं माणसाच्या हातात आहे.

रॅम्पच्या बोटी चालवण्याची ही विद्या वसईत आयती आली, कारण ती आधी दक्षिण कोकणात तयार झाली होती. २००३ मध्ये वाशिष्ठीच्या मुखाशी दाभोळ आणि धोपावे यांच्यामध्ये रो-रो सुरू झाली. दाभोळ दापोली तालुक्यात, धोपावे गुहागर तालुक्यात. समोरासमोरची गावं, पण मोटारीला चिपळूणकडून वळसा. महाराष्ट्रात खाडीतून वाहनं नेणारी या धर्तीची ही पहिली सेवा. तिच्या मागोमाग बाणकोटच्या खाडीत वेश्वी-बागमांडला, राजपुरीच्या खाडीत दिघी-आगरदांडा, शास्त्रीच्या मुखाशी जयगड-तवसाळ अशा सेवा झाल्या. मुंबईहून मोटार काढून किनाऱ्याकिनाऱ्याने गणपतीपुळ्याला जाणं शक्य झालं ते या बोटींच्या साखळीमुळे. सरकारी योजनेची वाट न पाहता दापोलीतल्या एका कुटुंबाने हे उभं केलं. कोकणातल्या पर्यटनाचा इतिहास लिहिला जाईल तेव्हा या बोटींना त्यात स्वतंत्र प्रकरण द्यावं लागेल. मुंबईत भाऊच्या धक्क्यावरून मांडव्याला जाणारी मोठी रो-रो मात्र बरीच नंतरची, मार्च २०२० ची. आणि खाडीपासून दूर सह्याद्रीत, कोयनेच्या शिवसागर जलाशयावर तापोळा-बामणोलीच्या बाजूला जीपगाड्या तराफ्यावरून नेतात. धरणाने ज्यांचे रस्ते बुडवले त्या गावांचा तो रस्ता आहे.

वसई-विरारला दुसरी रो-रो १९ एप्रिल २०२५ पासून मिळाली. विरारजवळचा मारंबळपाडा आणि पालघर तालुक्यातलं जलसार यांच्यामध्ये वैतरणेच्या खाडीवर ती चालते. पाण्यावरचं अंतर दीडेक किलोमीटर, रस्त्याने साठेक किलोमीटर. वळसा आणि सरळ वाट यांचं हे गुणोत्तर वसई-भाईंदरपेक्षाही मोठं आहे. सफाळे-केळव्याच्या बाजूच्या माणसाला विरार किती जवळ आलं हे या दोन आकड्यांवरून समजतं. इतकी जवळ असलेली दोन गावं इतकी वर्षं एकमेकांपासून इतकी लांब राहिली, हे मला अस्वस्थ करतं. पालघर जिल्हा १ ऑगस्ट २०१४ रोजी झाला. वसईची पश्चिम किनारपट्टी आणि जिल्ह्याचं ठिकाण यांच्यामधली ही खाडी मोटारीने ओलांडायला त्यानंतर दहा वर्षांहून अधिक काळ लागला.

या सगळ्या प्रश्नांवर ‘पूल बांधला की झालं’ असं उत्तर नेहमी येतं. पूल हवाच. पण पूल व्हायला काळ जातो आणि तोवर माणसांना पलीकडे जायचंच असतं. सावित्रीच्या मुखाशी, बाणकोट-बागमांडला परिसरात, पुलाचं काम सुरू होऊन अर्धवट राहिलं आणि त्याच्या खांबांच्या साक्षीने रो-रो चालत राहिली. नायगाव-भाईंदर रस्त्याच्या पुलाची योजनाही कित्येक वर्षं कागदावर चर्चेत आहे. तो पूल पाणजू बेटावरून जाणार म्हणतात. रेल्वेचे पूल ज्या बेटाच्या दोन्ही अंगांनी गेले त्या पाणजूची माणसं आजही होडीवर अवलंबून आहेत, हे यात कुणी विसरू नये.

पूल झाल्यावरही बोट निरुपयोगी ठरते असं नाही. गोव्याने हे फार कठीण प्रसंगी अनुभवलं. ५ जुलै १९८६ रोजी पणजीजवळचा मांडवीवरचा पूल कोसळला. नवा पूल वाहतुकीला खुला व्हायला १९९२ उजाडलं. मधली वर्षं पणजी आणि बेती यांच्यामध्ये फेरीबोटींनी निभावली, कारण गोव्यात नदी परिवहन खातं होतं, बोटी होत्या, बोटी चालवणारी माणसं होती. दिवाडी, चोडण यांसारख्या बेटांवरची माणसं आणि त्यांची वाहनं वर्षानुवर्षं याच फेरीबोटींतून जातात, आणि पायी जाणाऱ्याला व दुचाकीला तिथे पैसे पडत नाहीत. रस्त्यावरून चालायला जसे पैसे घेत नाहीत तसंच हे, असा त्यामागचा विचार. तो मला पटतो. २०२५ च्या जुलैत रायबंदर-चोडण मार्गावर गोव्यानेही नव्या धर्तीची रो-रो आणली.

टॉरपॉइंटचं उदाहरण याहून बोलकं आहे. तिथून काही किलोमीटरवर टेमार नदीवर १९६१ मध्ये मोठा रस्त्याचा पूल झाला. तरीही साखळीवरच्या नावा बंद झाल्या नाहीत, उलट त्या चोवीस तास चालू आहेत. पूल आणि नावा एकाच संस्थेच्या ताब्यात आहेत आणि टोलही दोन्हीकडे सामाईक. पुलावर गर्दी झाली की वाहनं नावेकडे वळतात, नावेची दुरुस्ती निघाली की पुलाकडे. याउलट साउथॅम्प्टनला १८३६ पासून चाललेली साखळीची नाव १९७७ मध्ये पूल होताच बंद केली गेली. दोन्ही शहरांनी आपापल्या गरजेप्रमाणे निर्णय घेतला. वसईसाठी मला टॉरपॉइंटचा मार्ग योग्य वाटतो. वर्सोवा पुलावर दुरुस्तीसाठी वाहतूक अडली की वसई-विरारची काय अवस्था होते, हे इथल्या प्रत्येक वाहनचालकाला ठाऊक आहे. मार्च २०२३ मध्ये तिथे नवा पूल खुला झाला, तरी महामार्गाच्या एकाच दारातून सगळ्या शहराने बाहेर पडायचं ही स्थिती बदललेली नाही. दुसरं दार उघडं असणं हीच रो-रोची खरी किंमत आहे. ती रोजच्या तिकीटविक्रीवरून मोजता येत नाही.

आता एव्हरशाईन सिटीचा विचार करू. वसई पूर्वेची ही मोठी वसाहत. इथल्या माणसाला रो-रोचा फायदा किती? किल्ला वसई गावाच्या पलीकडे, पश्चिमेच्या टोकाला. एव्हरशाईन सिटीतून निघालेल्याला आधी रेल्वे ओलांडून पश्चिमेला यायचं, मग वसई गावातून किल्ल्यापर्यंत जायचं. उलट महामार्ग त्याला पूर्वेकडे तुलनेने जवळ आहे. म्हणजे अडतीस किलोमीटरचा वळसा पश्चिमेच्या वसईकराचा, पूर्वेच्या माणसाचा त्याहून कमी. बोटीची पंधरा मिनिटं सगळ्यांना सारखीच, पण घर ते जेट्टी आणि जेट्टीवरची रांग ही प्रत्येकाची वेगळी. भाईंदर पश्चिम किंवा उत्तनला जायचं असेल तर पूर्वेच्या माणसालाही बोट सोयीची पडू शकते. ठाण्याला किंवा काशिमिऱ्याला जायचं असेल तर नाही. हे स्पष्ट सांगितलेलं बरं, कारण नव्या सेवेबद्दल सगळ्यांचा सगळा प्रश्न सुटेल अशी अपेक्षा ठेवली की पहिल्या गैरसोयीला लोक तिच्याकडे पाठ फिरवतात, आणि मग ती उतारूंअभावी बंद पडते.

ती बंद पडू नये असं मला मनापासून वाटतं. त्यासाठी करायच्या गोष्टी मोठ्या खर्चाच्या नाहीत. जेट्टीजवळचा गाळ वेळच्या वेळी निघावा. एक बोट दुरुस्तीला गेली तर दुसरी तयार असावी. महिन्याचं वेळापत्रक भरती-ओहोटी धरून आधीच छापलं जावं, मराठीत, आणि ते फक्त जेट्टीवर न लावता वसई रोड स्थानकाबाहेर, बसथांब्यांवर, एव्हरशाईन सिटीसारख्या वसाहतींच्या नाक्यावरही लावावं. उधाणाच्या दिवसांत सकाळ-संध्याकाळच्या कोणत्या फेऱ्या रद्द होऊ शकतात हे त्यात स्पष्ट असावं. पूर्वेकडून थेट जेट्टीपर्यंत जाणारी बस बोटीच्या वेळेला जोडली, तर वाहन नसलेल्या माणसालाही ही खाडी स्वस्तात ओलांडता येईल. आणि तोवर तुम्ही मोटार काढणार असाल, तर निघण्याआधी भिंतीवरच्या कॅलेंडरात तिथी पाहा, तिची पाऊणपट करा, आणि भरतीच्या आगेमागे जेट्टीवर पोहोचा.